गंजातली पाणचांदणी

गिरजाबाई मूल गावाहून चंद्रपूरच्या बसमध्ये चढली ती भरलेली घागर घेऊनच. घागरीच्या तोंडाला फडकं बांधलं होतं, आणि तिचा चेहरा असा, की कुणी वाट अडवली तर त्यालाच घागरीत बुडवीन.

"या घागरीचं अर्धं तिकीट फाडू काय वो?" कंडक्टर नीलाबाईने चेष्टा केली.

"हात नको लावू बाई! पाणचांदणीचं पाणी हाय."

पाणचांदणी काय चीज आहे ते इकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. ती आभाळात कधीच दिसत नाही. भर दुपारी, वीतभर खोल, स्थिर पाण्यात तेवढी दिसते. हिरवट, धानाच्या दाण्याएवढी. वेधशाळेवाले सांगतात, तिचा उजेड हवेत आपल्या डोळ्याला गवसत नाही, पाण्यात शिरून माघारी आला की गवसतो, आणि पाणी कुठलंही निवळ चालतं. तलावात मासे धरणारे धिवर सांगतात, ती तलावाची सून आहे, सासरचं पाणी सोडून कुठे तोंड दाखवायची नाही. आता गंमत अशी, की तिचं सासर म्हणून प्रत्येक गाव आपलाच तलाव दाखवतं! गिरजाबाई धिवराघरचीच, तिच्यापुढे तर वेधशाळेचं नाव काढायची सोय नव्हती. "त्याइच्या दुर्बिणीनं कधी मासोळी धरली काय?" असं ती विचारायची.

पण आज तिला भांडायची हौस नव्हती. चंद्रपूरला ऊर्जानगरच्या क्वार्टरमध्ये, मुलाकडे, तिचा नातू होता. सातव्या महिन्यातच जन्मलेलं पोर, महिनाभर काचेच्या पेटीत राहून कसंबसं जगलं. पण डोळे कशाकडेच वळवेना, ना दिव्याकडे ना आईकडे. डॉक्टर म्हणाले, पुढच्या महिन्यात पुन्हा तपासू, आताच सांगता येत नाही. सून रोशनीने फोनवर एवढंच विचारलं, "आई, याले दिसत असन ना वो?" तेव्हापासून गिरजाबाई दिवस मोजत होती. बाळ घरी येऊन सव्वा महिना झाला की त्याला घागरीतली चांदणी दाखवायची, आणि दिसली की बाळ हसतं, अशी धिवरांची रीत. सव्वा महिना आजच भरत होता.

शेजारी सुरेंद्र नावाचा माणूस बसला होता, घुग्घुसच्या खाणीत ड्युटीवर निघालेला. "मावशी, घोटभर पाणी द्या ना. बाटली घरीच राह्यली माही."

"एक थेंब नाई भेटत. मर तिकडं!" गिरजाबाईने घागरीवर पदर ओढला. नीलाबाईने आपली बाटली त्याच्या हातात दिली.

जंगलात रानडुकरांचा कळप आडवा आला, ड्रायव्हरने कचकन ब्रेक मारला, आणि घागर मांडीवरून जी उडाली ती थेट दारापर्यंत गेली. गिरजाबाई धावून उचलते तर तळाला चूळभर पाणी.

"अवं माय वो! माह्या नातवाचे डोळे सांडले!"

तिने खालीच बसकण मारली आणि रडत रडत सगळं सांगून टाकलं. मग सुरेंद्र उठला आणि हातातली अर्धी बाटली त्याने घागरीत रिकामी केली.

"हे तलावाचं नाई न रे, बाबू."

"नसू द्या. वीतभर तर झालं पाह्यजे."

मग कॉलेजच्या पोरींनी बाटल्या काढल्या, एका आजोबांनी विहिरीचं पाणी ओतलं, ड्रायव्हरनेसुद्धा आपली कॅन मागे पाठवली. घागर गळ्यापर्यंत भरली. गिरजाबाईला मान वर करवेना. या माणसाला आपण मर म्हटलं! चंद्रपूरला त्यानेच घागर ऑटोत चढवली, खाली आपल्या खांद्यावरचा दुपट्टा गोल करून ठेवला आणि ड्युटीला पळाला. दुपट्टा परत घ्यायलाही थांबला नाही.

दुपारी दोनला क्वार्टरच्या पडवीत, सावलीला, पाणी गंजात, रुंद तोंडाच्या पातेल्यात, ओतलं. मुलगा भूपेश नुसता हाताची घडी घालून उभा. छप्पन्न ठिकाणचं पाणी, यात सासुरवाशीण कुठली यायला, असं गिरजाबाईला वाटत होतं. पाणी थांबलं, आणि हिरवा दाणा लुकलुकला!

रोशनीने बाळाला गंजावर धरलं. बाळ हसलं नाही. थोडं सरकवलं, तरी नाही. भूपेशने तोंड फिरवलं.

तेवढ्यात बाळाने कपाळाला आठ्या घातल्या, नाक मुरडलं आणि डोळे गच्च मिटून घेतले. रोशनीने त्याला बाजूला घेतलं, तर उघडले. पुन्हा गंजावर धरलं, पुन्हा मिटले!

"मिटते वो!" गिरजाबाई ओरडलीच. "दिसते म्हणून तर मिटते! आंधळा कायले मिटन?"

ती गंजापाशी गुडघ्यावर बसली. त्या माणसांचं घर माहीत नाही, गाव माहीत नाही, मग पाया पडायचं कुणाच्या? तिने पाण्यालाच हात जोडले. "तुमचं भलं हो रे बापाहो. बसमधल्या सगळ्याइचं भलं हो."

आणि महिनाभर 'पाह्य ना रे, इकडं पाह्य' म्हणून थकलेली रोशनी बाळाला पुन्हा पुन्हा पाण्यावर धरून, हसत रडत म्हणत होती, "मिट रे माह्या राजा, मिट!"