एका रुपयाचं मिनिट

बोरी अरबच्या बाजारात मिरच्या निवडता निवडता कोकिळाचा हात थांबला. तेल घ्यायची बाटली पिशवीत नव्हती.

मग कुठे होती ते आठवलं.

त्या वर्षी बोंडअळी काही केल्या मरत नव्हती. तिसऱ्या फवारणीचं औषध घ्यायलाच ती आली होती. औषधाच्या डब्याला चीर गेलेली, म्हणून दुकानदारानं ते तिच्याजवळच्या रिकाम्या तेलाच्या बाटलीत ओतून दिलं. नवरा घनश्याम वावरात पंप घेऊन खोळंबला असेल, या घाईत तिनं ती बाटली शेजारच्या धावजीच्या मोटारसायकलवर पुढे धाडली. "घरी दे, भाऊ," एवढंच म्हणाली. आणि सकाळी निघताना ती अकरा वर्षांच्या लेकीला, खुशीला सांगून आली होती, "धावजीकाकाच्या हाती तेल पाठवतो. धाकल्या ऋतिकले भजे करून देजो."

धावजीला जाऊन अर्धा तास झाला होता.

अमिनाबीच्या बांगड्यांच्या दुकानापुढे फोनचा लाल डबा होता. रुपया टाकला की एक मिनिट बोलायला मिळे. कोकिळानं गावातल्या किसनसिंगच्या चक्कीवर फोन लावला. गावात तेवढाच फोन होता.

"कोण?" चक्कीच्या घरघरीतून किसनसिंग ओरडला. "दळण उद्या मिळंल!"

"भाऊ, चक्की बंद करा! मी कोकिळा!"

"ज्वारी का गहू?"

डबा टुकटुक वाजू लागला. मिनिट संपत आलं होतं. तिनं घाईनं दुसरा रुपया टाकला. तो खणकन खालून बाहेर आला.

"तो जुना मोठा रुपया हाये, मशीन घेत नाही," अमिनाबी म्हणाली आणि स्वतःच्या गल्ल्यातला लहान रुपया आत ढकलला. "घबरू नको. हळू बोल, एक एक शब्द बोल."

तिकडे चक्की थांबली.

"भाऊ, धावजीनं आणलेल्या बाटलीत तेल नाही. फवारणीचं औषध हाये. खुशी भजे करून राह्यली असंल. पळा!"

रिसीव्हर कशावर तरी आपटला. फोन तसाच चालू ठेवून किसनसिंग पळाला होता.

"ठेव आता. तो करंल तुले फोन," अमिनाबी म्हणाली.

"त्याच्यापाशी तुमचा नंबर कुठं हाये?"

अमिनाबीनं आणखी एक रुपया टाकला. मग आणखी एक. मागे रांगेतला पागोटेवाला म्हातारा कुरकुरला, "बाई, आम्हालेही बोलायचं हाये ना."

"हिचे लेकरं संकटात हायेत, अन् तुले जावयाशी गोठी करायच्या हायेत?"

म्हाताऱ्यानं मुकाट्यानं खिशातले दोन रुपये काढून दिले. तेही गेले. टुकटुक पुन्हा सुरू झाली. अमिनाबीनं कमरेची किल्ली काढली, डब्याचं पोट उघडलं आणि आतले रुपये ओंजळीत घेतले. तेच रुपये ती पुन्हा वरून टाकू लागली.

"आई?" खुशीला धाप लागली होती.

"भजे खाल्ले?"

"नाही. कढई ओली होती. तेल टाकलं तं दुधावानी पांढरं झालं."

"ऋतिक कुठं हाये?"

"त्यानं दूध समजून बोट बुडवलं."

कोकिळा ओरडली, "चाटलं?"

"चाटणारच होता, तेवढ्यात किसनकाकानं हात धरला. काका म्हणे, औषधाचा वास येते. मले सर्दीनं आलाच नाही." एवढं बोलून खुशी रडू लागली.

"रडू नको. आयक. आधी काय करशील?"

"त्याचा हात धुतो."

"साबणानं. कोपरापर्यंत. अन् सदरा?"

"काढतो."

"तुयेही हात धू. कढईले, बाटलीले कोणी शिवायचं नाही, बकरीही तिकडं जायले नको. आता सगळं मले परत सांग."

खुशीनं हुंदके देत सगळं परत सांगितलं. सदरा विसरली. कोकिळानं पुन्हा पहिल्यापासून म्हणवून घेतलं. या खेपेला सदरा आला.

"शाब्बास. किसनभाऊले म्हण, गाडीवर दोघायले दारव्ह्याच्या दवाखान्यात आणा, मी तिथंच येतो. चक्कर येवो न येवो."

अमिनाबीनं नुकताच रुपया टाकला होता. मिनिट बरंच शिल्लक होतं. कोकिळानं फोन ठेवला. पागोटेवाला तोवर रस्त्यात उभा राहून दारव्ह्याच्या जीपला हात दाखवत होता. "थांब रे! एक सवारी हाये!"

मिरच्यांची पिशवी तिथंच टाकून कोकिळा धावली.