नाटकातला गवंडी

माझ्या धाकट्या भावाने वडिलांवर नाटक लिहिलं, तेव्हा वडिलांना जाऊन सात महिने झाले होते. अण्णा गवंडी होते. चाळीस वर्षं भिंती बांधून त्यांनी आम्हा दोघांना शिकवलं. मी ग्रंथालयात नोकरीला लागले, तो नाटकाकडे वळला. अण्णा त्याला 'नाटक्या' म्हणायचे, अर्धं कौतुकाने, अर्धं काळजीने.

पहिल्या प्रयोगाला दहा दिवस उरले असताना त्याने मला तालमीला बोलावलं. शेवटच्या प्रवेशात म्हातारा गवंडी अर्धवट भिंतीसमोर कोसळतो, वीट छातीशी धरतो आणि ओरडतो, "जगाची घरं बांधली, पण माझ्या डोक्यावर छप्पर नाही!" मग दोन पानांचं स्वगत आणि अंधार.

तालीम बघणारी दोन-चार माणसं डोळे पुसत होती. धाकटा माझ्याकडे बघत होता.

"अण्णांच्या डोक्यावर छप्पर होतं," मी म्हणाले. "तीन खोल्या. स्वतः बांधलेल्या. तू राहतोस त्यात."

"ताई, ते प्रतीक आहे गं."

"मग सकाळी उठून झाडतोस ते काय, प्रतीक?"

गवंड्याचं काम करणारा नट फिस्सकन हसला आणि धाकट्याने बघताच गंभीर झाला.

"लोक रडले पाहिजेत," धाकटा म्हणाला.

"अण्णांसाठी, की तुझ्यासाठी?"

हे मी बोलायला नको होतं. शेवटचे अकरा दिवस दवाखान्यात तोच त्यांच्या उशाशी होता. त्याने त्यांना पडलेलं पाहिलं, मी उभं पाहिलं होतं. लहानपणी डबा घेऊन मी कामावर जायचे. त्याला मात्र अण्णांनी बांधकामावर कधी पाऊल ठेवू दिलं नाही. पोराने पुस्तक सोडून थापी धरली तर, ही त्यांना धास्ती.

पुस्तकांतल्या कष्टकऱ्यांना मी चांगली ओळखते. ते सकाळी कामाला जातात, संध्याकाळी थकून परततात, कधी भिंतीखाली सापडून मरतात. त्यांचे हात खडबडीत असतात, हे न चुकता लिहिलेलं असतं. ते हात दिवसभर नेमकं काय करतात, हे क्वचितच. जाणं आणि येणं यांच्या मधलं पान कुणीतरी फाडून नेल्यासारखं. अण्णांचं सगळं आयुष्य त्या पानावर होतं. माझ्याच भावाने ते पुन्हा फाडावं, हे मला सोसवेना.

दुसऱ्या दिवशी मी मावशीला तालमीला घेऊन गेले. ही नात्याची मावशी नव्हे. वीस वर्षं ती अण्णांच्या हाताखाली माल कालवायची. वाळू, सिमेंट आणि पाणी किती, हे तिला नुसत्या फावड्याच्या आवाजावरून कळायचं. तिने रंगमंचावरची भिंत बघितली.

"ही कुणी रचली?"

"मी," नट म्हणाला.

"लग्न झालंय?"

"नाही अजून."

"झालं की बायकोला हिच्याजवळ उभी करू नकोस."

हशा पिकला. मावशी हसली नाही. "सांध्यावर सांधा आलाय सगळीकडे. वरच्या विटेने खालच्या दोघींना धरायचं असतं. ही भिंत नाही बाबा, चळत आहे. आणि विटा कोरड्या ठणठणीत! कोरडी वीट मालातलं पाणी पिऊन टाकते, मग माल धरणार कशाला?" मग ती धाकट्याकडे वळली. "आणि तू रे? गवंड्याचा पोरगा ना तू?"

धाकट्याचा चेहरा उतरला. "मला कुणी दाखवलंच नाही, मावशी."

"मग आता बघ. पदर खोचलाय मी."

तिने दोघांनाही कामाला जुंपलं. आधी दोन्ही टोकं उभारायची, मग दोरी ताणायची, मग मधल्या विटा. थापीने माल पसरायचा, वीट ठेवून दाबायची, थापीच्या मुठीने दोन ठोके, बाहेर आलेला माल उचलून पुढच्या विटेला. "दोनच!" ती ओरडायची. "भिंत बांधतोयस, शेजाऱ्याचं दार वाजवत नाहीयेस!"

पाचव्या दिवशी धाकट्याचा एक अख्खा थर सरळ आला. तो तिथेच उकिडवा बसून त्याच्याकडे बघत राहिला.

"ताई, हे करताना अण्णा काय करायचे?"

"शीळ घालायचे."

"आणि ओल्या भिंतीला कुणी टेकलं," मावशी म्हणाली, "तर त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार."

तो हसला. मग संहिता उघडून म्हणाला, "हे स्वगत मी आजवर लिहिलेल्यातलं सगळ्यात चांगलं आहे."

"आहेच," मी म्हणाले. खोटं नव्हतं ते.

त्याने ती दोन्ही पानं आडव्या रेघा मारून खोडून टाकली.

भिंतीची दोन्ही टोकं धाकट्याने आदल्या दिवशी स्वतः उभारून ठेवली होती. प्रयोगाला शेवटचा प्रवेश तेरा मिनिटं चालला. एक शब्द नाही. आधी लोक खोकले. "आता बोलेल बघ," माझ्यामागे कुणीतरी कुजबुजलं. गवंडी बोलला नाही. त्याने बादलीतून भिजलेली वीट काढली, निथळली, लावली. दोन ठोके. पुढची वीट. तिसऱ्या थराला खोकला थांबला. पाचव्याला लोक पुढे सरकून बसले होते. सहावा थर संपला. गवंड्याने थापी धुतली, मागे सरून एक डोळा मिटला, भिंतीवरून नजर फिरवली आणि निघून गेला.

उजेड भिंतीवर तसाच राहिला. रंगमंचावर कुणीही नव्हतं, आणि सगळं नाट्यगृह उभं राहून टाळ्या वाजवत होतं.

मावशीने शेवटच्या दोन रांगांत गवंडी आणून बसवले होते. पडदा पडायच्या आत ते थेट वर चढले आणि भिंतीला भिडले.

"चौथ्या थरात टोकाशी माल जाड झालाय."

"डावं टोक बोटभर पुढे आलंय."

"बोटभर कसलं? चष्मा बदल. अर्धं बोट!"

नट हात बांधून, निकाल ऐकावा तसा ऐकत होता. धाकटा माझ्याजवळ आला. "ताई, कुणी रडलं नाही गं."

"नाही."

"चौथा थर जाड म्हणतायत." एवढं म्हणून तो त्यांच्यात घुसला. "अहो काका, माल नाही जाड! ती वीटच बसकी होती, म्हणून मी भरून घेतलं!"

त्यांच्यातला एक म्हातारा गवंडी वाकला, विटेवर अंगठा फिरवला, आणि धाकट्याकडे वर बघत म्हणाला, "बरोबर केलंस."