राजाचे पाय टेकेपर्यंत

मित्रांनो, मी एक जुना चौरंग आहे. बसायचा नव्हे हं, पाय ठेवायचा. माझा एक पाय डुगडुगतो, रंगाचे पोपडे उडाले आहेत आणि मला आता सगळ्याचाच कंटाळा आला आहे. या संग्रहालयात दोरीच्या पलीकडे मी पडून असतो. तुम्ही येता, मागच्या सिंहासनाकडे बघून "बापरे!" म्हणता आणि माझ्यावरून नजर फिरवून पुढे जाता. जा बापडे. मला त्याचं काही वाटत नाही. एके काळी माझ्याकडे इतक्या लोकांनी इतकं टक लावून पाहिलंय की तेवढं मला जन्मभर पुरलं. पण आज तुमची फिरून फिरून दमछाक झालेली दिसते, दोघातिघांनी तर जमिनीवर बसकणच मारली आहे. मग बसलाच आहात तर ऐका.

माझा जन्म घाईत झाला. राजा घोड्यावरून पडून वारला आणि दुसऱ्याच दिवशी त्याच्या मुलाला गादीवर बसवायचं ठरलं. मुलगा एवढासा, पुढचे दोन दात पडलेले. सिंहासनावर बसवल्यावर त्याचे पाय अधांतरी लोंबायला लागले, आणि तो ते झोपाळ्यावर बसल्यासारखे हलवायला लागला. दरबारातले म्हातारे हादरले. राजाचे पाय लोंबकळताना लोकांनी पाहिले तर राज्याची काय शोभा राहणार? मग सुताराला उठवून आणलं. त्याने हाताला लागेल त्या फळीतून मला ठोकून काढलं. "माणूस गेलाय त्यांच्या घरचा आणि यांना चौरंगाची पडलीय," असं तो पुटपुटत होता. त्या गडबडीत माझा एक पाय किंचित आखूड राहिला. म्हणजे मी जन्मापासूनच डुगडुगतो, म्हातारपणाला उगाच दोष द्यायला नको.

त्या घराण्यात एक कायदा होता. राजा लहान असेल तोवर कारभार काकाने पाहायचा. आणि आईने मुलापासून लांब, नदीपलीकडच्या एका घरात राहायचं, म्हणजे ती त्याचे कान भरणार नाही. राजाच्या कुण्या पणजोबाने हा शहाणपणा केला होता. आता राजा मोठा झाला हे ठरवायचं कसं? तर सिंहासनावर बसल्यावर त्याचे पाय जमिनीला टेकले की तो मोठा. वय नाही, अक्कल नाही, फक्त पाय.

दर वाढदिवसाला ही परीक्षा भर दरबारात व्हायची. मला बाजूला सरकवायचे. भालदार गुडघ्यावर बसून राजाच्या तळव्यांखालून एक रेशमी रुमाल ओढायचा. रुमाल सळकन बाहेर आला की तो ओरडायचा, "नाही टेकले!" मग मला पुन्हा जागेवर ढकलायचे आणि नदीपलीकडच्या घरी निरोप जायचा: राजे अजून लहान आहेत, पाय टेकत नाहीत. वर्षातून एवढा एकच निरोप. तिकडून उलटा निरोप आणायला परवानगी नव्हती.

मित्रांनो, त्या मुलाला राज्य नको होतं. त्याला आई हवी होती. हे मला जितकं ठाऊक आहे तितकं कुणालाच नसेल, कारण दरबार चालू असताना तो सगळा वेळ माझ्यावर पायाची बोटं ताणत बसायचा. वरून चेहरा गंभीर, आणि खाली बोटं ताणून ताणून पांढरी पडलेली. ताणलं की पाय लवकर वाढतात, असं त्याला कुणीतरी सांगितलं असावं. मला तर तो मुलगा उठून जाईपर्यंत जीव मुठीत धरून बसल्यासारखं वाटायचं.

पहिली काही वर्षं सगळं सरळ चाललं. मग एका वाढदिवसाच्या आधी काकासाहेब गादीवाल्याला घेऊन आले.

"यात आणखी कापूस भर," ते म्हणाले.

"आणखी? साहेब, ही गादी राहणार नाही, कापसाची गंजी होईल."

"होऊ दे."

गादीवाल्याने भरला. राजा बिचारा वाढला होता, पण गादीही तेवढीच वाढली. रुमाल सळकन बाहेर आला. पुढच्या वर्षी पुन्हा तेच. आता तुम्ही म्हणाल, काका दुष्ट होता. गोष्टीतले काका दुष्ट असतात, तसा हा नव्हता हो. मुलाला ताप आला की तो उशाशी बसून राहायचा. त्याने रस्ते नीट केले, विहिरी खणल्या. पण रोज सकाळी दरबार भरायच्या आधी तो एकटाच येऊन सिंहासनाच्या उंचीकडे बघत उभा राहायचा, आणि त्याच्या कपाळावर घाम असायचा.

बघता बघता मुलाला मिसरूड फुटलं. दरबारात यायचा तेव्हा दारातून वाकून यावं लागायचं. काकापेक्षा वीतभर उंच. मग चढायचा त्या कापसाच्या डोंगरावर, आणि तिथे बसला की पुन्हा लहान! आणि सगळा दरबार मूग गिळून मुजरे करायचा. एका वर्षी तर कहर झाला. राजाचं डोकं वरच्या छत्राला लागलं. झालर कानावर आली. काका काय म्हणाले असतील? म्हणाले, छत्र वर घ्या.

सुतार शिडी घेऊन आला. गादीवाला खाली कापूस दाबत होता.

"राजा वाढला नाही म्हणतात," सुतार वरून म्हणाला, "मग छत्र काय खाली आलं?"

"तू खिळे ठोक. मी कापूस भरतो. आपल्याला काय करायचंय?"

"ते बाकी खरं."

आणि ठोकले खिळे. तेरी भी चूप, मेरी भी चूप. मला अजूनही कळत नाही, इतकी डोळस माणसं एका ठिकाणी जमून इतकी आंधळी कशी होतात.

त्या दिवशी दरबार उठल्यावर राजा खाली उतरला नाही. काकासाहेब निघाले तसं त्याने हाक मारली.

"काका, गादी वाढतेय."

"कापूस आहे. फुगतो."

"काका, मला कळतं सगळं. तुम्ही कशाला घाबरता ते सांगा."

काकासाहेब परत फिरले आणि माझ्या शेजारी सिंहासनाच्या पायरीवर बसले. त्यांच्या गुडघ्यांचा कट्‌कन आवाज झाला.

"तुझ्या बापाचे पाय टेकले ना, त्याच दिवशी त्याने आमच्या काकांना कोठडीत टाकलं," ते म्हणाले. "ते तिथेच गेले. त्या कोठडीचं दार मी लावलंय, माझ्या या हातांनी. काका आतून मला नावाने हाका मारत होते."

"मी नाही तसं करणार."

"तोही असंच म्हणायचा रे. अगदी असंच, डोळ्यांत पाणी आणून." मग त्यांनी खरोखरच हात जोडले. "एवढं वर्ष जाऊ दे. पुढच्या वर्षी बैस तू सुखाने. एवढं एक वर्ष."

आणि त्या वेड्या मुलाने ते दिलं. त्याला दया आली. पुढच्या वर्षी पुन्हा काकांचे हात जुळले, पुन्हा याचं मन विरघळलं. मला ओरडावंसं वाटायचं, अरे बाबा, तू तुझं वर्ष देत नाहीयेस, आईचं देतोयस! पण चौरंगाला तोंड कुठे असतं. आपलेच दात आणि आपलेच ओठ, अशा घरात दया करणाऱ्यालाच आधी चावा बसतो, हे मी तिथे पाहिलं.

मग एके दिवशी नदीपलीकडच्या घरात काम करणारी बाई राजवैद्यांना शोधत थेट दरबारात आली. तिला आत यायची परवानगी नव्हती, पण ती आली. "बाईंचा खोकला थांबत नाही," ती म्हणाली. "औषध द्या नाहीतर विष द्या, पण आज काहीतरी द्या." तिची नजर सिंहासनाकडे जायच्या आत वैद्यांनी तिला घाईघाईने बाहेर नेलं आणि औषध देऊन परत पाठवलं. राजा लहानपणीसारखी माझ्यावर पायाची बोटं ताणायला लागला, तो दरबार उठेपर्यंत थांबला नाही.

वाढदिवस आला. काकांनी पुन्हा हात जोडले असतील, मला माहीत नाही. राजा डोंगरावर चढून बसला. मला बाजूला सरकवलं. भालदार गुडघ्यावर बसला, त्याने रुमाल अंथरला, आणि त्याच क्षणी राजा पुढे सरकला. बस, एवढंच केलं त्याने. पाठ टेकून बसायच्या ऐवजी गादीच्या कडेवर आला आणि दोन्ही पाय धप्पकन जमिनीवर ठेवले, रुमालावरच.

भालदाराने रुमाल ओढला. येईना. पुन्हा ओढला.

"सरकार," तो कुजबुजला, "जरा पाय उचला."

"नाही उचलत."

भालदार घामाघूम झाला. त्याने जोर लावला आणि रुमाल टरकन फाटला. अर्धा त्याच्या हातात, अर्धा राजाच्या टाचेखाली. सगळे काकासाहेबांकडे बघायला लागले. काकासाहेब उभे होते तिथून हळूहळू पुढे आले. त्या पायांकडे त्यांनी पाहिलं आणि भालदाराच्या ऐवजी स्वतःच म्हणाले, "टेकले."

मग त्यांनी दोन्ही मनगटं एकत्र करून पुढे धरली, बेड्या घालून घ्यायला.

"काका, हात खाली करा," राजा म्हणाला. "आधी आईला आणायला गाडी पाठवा."

गाडी गेली. राजाला काही सुचेना. त्याने डोक्यावरचं, अंगावरचं सगळं जड जड काढून ठेवलं आणि साध्या कपड्यांत दाराशी जाऊन उभा राहिला. सिंहासन रिकामं. गडबडीत मला कुणीतरी सवयीने पुन्हा त्याच्यापुढे आणून ठेवलं होतं.

आई आली. ती बारीक झाली होती, पण चालत होती भरभर. काखेत एक गाठोडं होतं. दारात एक उंच तरुण वाट अडवून उभा होता आणि तिच्याकडे नुसता बघत होता.

"दादा, जरा बाजूला हो रे," ती त्याला म्हणाली. "मला आत जाऊ दे. माझा मुलगा आहे आत."

तो बाजूला झाला. काय करणार?

ती आत आली. रिकामं सिंहासन पाहिलं आणि मग मला पाहिलं. "म्हणजे अजून चौरंग लागतोच," ती म्हणाली आणि माझ्यावरच बसली. दम लागला होता तिला. अख्खा दरबार भिंतीला चिकटून उभा, आणि ती सगळ्यांशी इतक्या सहज बोलत होती की ऐकवत नव्हतं. "मला माहीत आहे, त्याची वाढ खुंटलीय. दरवर्षी निरोप यायचा ना, पाय टेकत नाहीत म्हणून. आधी मी रडायचे. माझ्याच पोटी असं का, माझंच काही चुकलं का, असं वाटायचं. आता नाही वाटत. नाही वाढला तर नाही वाढला. मी उचलून घेईन त्याला. कुठे आहे? निजलाय का?"

तिने गाठोडं सोडलं. आत सदरे होते. हाताने शिवलेले, दर वाढदिवसाला एक. कापड वेगवेगळं, बटणं वेगवेगळी, आणि माप सगळ्यांचं एकच. दात पडलेल्या मुलाचं.

मित्रांनो, मी लाकूड आहे. तरी त्या वेळी माझ्या फळीला आतून चीर गेली, ती अजून आहे, बघा.

तो तरुण दारातून चालत आला आणि तिच्यापुढे जमिनीवर बसला. "आई," तो म्हणाला, "मीच." तिने त्याच्याकडे पाहिलं. आधी तोंडाकडे नाही, पायांकडे पाहिलं. मोठे, रुंद, पुरुषाचे पाय. मग गुडघे, मग खांदे, मग कुठे त्याचा चेहरा. तिचा हात त्याच्या गालावरच्या दाढीवर थांबला.

"एवढा वाढलास?" ती म्हणाली. "आणि मला कुणीच कसं नाही रे कळवलं?"

सुतार तिथे होता, गादीवाला होता, भालदार होता, काका होते. सगळ्यांनी माना खाली घातल्या. पण ती त्यांच्याकडे बघतच नव्हती, मुलाकडे बघत होती. आणि सगळ्यांच्या शेवटी राजानेही मान खाली घातली, कारण मागची वर्षं त्यानेच काकांना देऊन टाकली होती.

पुढे त्याने तो कायदा मोडला. काकांना कोठडीत टाकलं नाही, घरी पाठवलं, आणि ते आपल्या अंथरुणात, आपल्या माणसांत गेले. मला मात्र अडगळीत टाकलं. ते बरंच झालं, कारण मला पुन्हा कुणाचे पाय नको होते. आई फार काळ राहिली नाही, पण होती तोवर तो रोज सकाळी तिच्यासमोर जाऊन सरळ उभा राहायचा आणि ती त्याला डोक्यापासून पायापर्यंत बघून घ्यायची. तेव्हा त्याचं वाढायचं वय संपलं होतं.

मित्रांनो, मला पुसू नका, रंगवू नका, त्याची काही गरज नाही. काळजी घ्यायचीच असेल तर तुमच्या वाढण्याची घ्या. कुणाला भीती वाटते म्हणून लहान राहू नका, कुणाची कितीही दया आली तरी. आणि आज घरी गेलात की चपला काढून आईसमोर जरा उभे राहा. ती म्हणेल, "काय रे, असा खांबासारखा काय उभा?" म्हणू दे. बघू दे तिला.