एका हाताची दोरी

शमशुद्दीन गवंडी माणूस सोन्यासारखा, पण आपल्या दोरीपुढं तो बायकोलाही मोजत नसे. कोल्हापुरात शाहू महाराजांचं राज्य सुरू होऊन तेरा-चौदा वर्षं झाली होती आणि तेवढ्या काळात त्यानं बांधलेल्या घरांचा एकही कोपरा तिरका निघाला नव्हता. कारण ती दोरी. बारा हात लांब. तीन हातांवर एक गाठ, पुढं चार हातांवर दुसरी, राहिले पाच. टोकाला टोक मिळवून तिन्ही जागी खुंट्या ठोकल्या की तीन आणि चारच्या मधला कोपरा गुण्यात, म्हणजे बरोबर काटकोनात. तरुणपणी त्यानं ती स्वतःच्या हातानं, कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत मापून केलेली. बायकोनं, बिबीजाननं, तिला शिवायचं नाही, असा तीस वर्षांचा हुकूम होता. एवढा तोरा कशासाठी, ते त्यालाच ठाऊक.

कळंब्याला सयाजीरावांच्या घराची आखणी निघाली. घराची लांबी-रुंदी मालकाच्या हातानं मोजायची, अशी रीत. ती त्यांनी मोजून दिली, वीस हात आणि पंधरा हात. शमशुद्दीननं दोरीनं एकेक कोपरा लावत नेला. शेवटची बाजू पहिल्या खुंटीला येऊन मिळायची, ती अडीच हातांनी चुकली. पुन्हा लावली, पुन्हा चुकली. पायाचा मुहूर्त दुसऱ्या दिवशी सकाळचा होता. सयाजीराव रोखठोक माणूस. सांजेपर्यंत जमलं तर ठीक, नाहीतर दुसरा गवंडी आणतो, म्हणाले. साठीच्या गवंड्याला आखणीवरून असं परत पाठवलं असतं, तर पंचक्रोशीत कुणी त्याला पुन्हा काम दिलं नसतं.

दुपारी बिबीजान भाकरी घेऊन आली, तर हा तिच्यावरच घसरला. दोरीला तूच हात लावला असशील, म्हणाला. बाई खमकी. तिनं त्याला आठवण करून दिली की दोरीचा पाच हातांचा भाग उंदरांनी कुरतडला होता आणि परवा नवा मापून जोडला तो त्यानंच. मग तीन हातांचा जुना भाग त्याच्यापुढं धरून मोजायला सांगितलं.

त्यानं मोजला. तीन हात भरले आणि वर दोन बोटं दोरी उरली.

चुन्या-दगडात जन्म गेलेली बोटं आखडून वाकली होती. कधी वाकली, ते त्याला कळलंच नव्हतं. बिबीजानला कळलं होतं, कारण वर्षभर त्याच्या सदऱ्याची बटणं तीच लावत होती. त्या घटकेला मला त्या तोरेबाज माणसाची फार माया वाटते.

"तुमीच सांगता न्हवं सगळ्यास्नी, दोरी एका हाताची पायजे म्हनून?" ती हळू आवाजात म्हणाली. "ही दोन हातांची झाली. तीन-चार जवानीतलं आनि पाच आत्ताचं."

त्यानं सगळी दोरी आत्ताच्या हातानं मापायला घेतली. पण आखडलेला हात दर खेपेला वेगळा भरत होता. शेवटी तो बांधावर बसला.

"तू माप," तो म्हणाला.

सयाजीरावांनी नवी दोरी दिली. बिबीजाननं तीन, चार आणि पाच हात मापून गाठी मारल्या. दोरी जुनीपेक्षा चांगली हात-दीड हात आखूड झाली, तशी सयाजीरावांना शंका आली. शमशुद्दीननं त्यांना समजावलं, की हात लहान असला तर त्रिकोण लहान होतो, कोपरा तेवढाच राहतो. मग त्यानं खुंट्या ठोकल्या. ऊन उतरता उतरता शेवटची बाजू पहिल्या खुंटीला येऊन टेकली.

सयाजीरावांनी गवंड्याच्या मानाचा नारळ पुढं केला.

"हिला द्या," शमशुद्दीन म्हणाला. "हात हिचा हाय."

बिबीजाननं नारळ ओटीत घेतला. घरी आल्यावर शमशुद्दीननं नवी दोरी आपल्या खुंटीला अडकवायला घेतली, तर तिनं ती त्याच्या हातातून काढून घेतली.

"माज्या दोरीला हात लावू नगासा," ती म्हणाली, आणि त्याच्या सदऱ्याची बटणं काढायला लागली.