नारळ घातलेले गहू

“नारळ का घालायचे, ते विचार,” एलेनी मला इंग्रजीत म्हणाली आणि तिने कॅमेरा सुरू केला.

मस्कतमधल्या वादी कबीरच्या आमच्या फ्लॅटमध्ये एसी बंद. आवाज येतो म्हणे! घामाने निथळत मी सासऱ्यांशेजारी दुभाषी म्हणून बसले होते. बाबांनी, म्हणजे नंदू राण्यांनी, उभा जन्म जहाजांवर स्वयंपाक केला. आता आमच्यापाशी असतात. मागल्या वर्षीच्या झटक्यात उजवं अंग गेलं, इंग्रजी-हिंदी सगळं गेलं. उरली ती देवगडची मालवणी.

एलेनी ग्रीक, माहितीपट करते. वडिलांच्या जहाजावरच्या जुन्या फोटोतल्या कुकला शोधत आमच्यापर्यंत आली होती. तिच्या वडिलांचं डोंगरातलं गाव महायुद्धात जर्मनांनी जाळलं, त्यांची आई त्यातच गेली. पुढे ते जहाजाचे कप्तान झाले. गावाबद्दल घरात अवाक्षर काढलं नाही. फक्त दरवर्षी आईच्या नावाने गहू शिजवून चर्चमध्ये नेत. तशी ग्रीकांची रीतच आहे. पण हे कप्तान त्यात नारळ घालायला लावत. गावची जुनी पद्धत असणार, असं घरचे धरून चालले. जळालेल्या गावाची तेवढीच खूण एलेनीच्या हाती होती, अख्खा सिनेमा त्या खुणेवर उभा. आता डोंगरात नारळ कुठून येणार, बाई? पण श्रद्धेपुढे कोण बोलणार!

मी बाबांना विचारलं. ते अर्ध्याच तोंडाने हसले.

“कप्तानान सांगल्यान, आवशीच्या नावान गहू शिजव. माका काय ठावक तेंची रीत! मी आपली खीर केलंय. गूळ घातलंय, नारळाचो रस घातलंय.”

हे हिला कसं सांगू? काहीतरी थाप मारून वेळ निभावून न्यावी, असंही मनात आलं. पण बाईचे डोळे माझ्या तोंडावर खिळलेले. सांगून टाकलं.

तिने कॅमेरा बंद केला. बोटातली अंगठी फिरवली. मग म्हणाली, “म्हणजे गावाचं काहीच उरलं नाही.”

मला इतकं वाईट वाटलं, की चहाच्या निमित्ताने उठणारच होते. पण बाबांचं संपलं नव्हतं.

“कप्तानान खाल्ल्यान नि रडाक लागलो. इचारल्यान, कोणी शिकवल्यान? म्हटलंय, आवशीन. माझी आवस गेली तेव्हा मी भर दर्यात. ना अग्नी, ना पिंड. तेनी तिचा नाव इचारल्यान. मथुरा, म्हटलंय.”

मी तोंड उघडायच्या आधीच एलेनीने मान वर केली.

“मथुरा?”

तिने सांगितलं, गव्हाच्या दिवशी चर्चमध्ये पाद्री गेलेल्यांची नावं वाचतो. तिचे वडील त्याला दोन नावं सांगत. एक आईचं, दुसरं मथुरा. ही कोण, कुणालाच ठाऊक नव्हतं. गावात जळालेली कुणी असेल, म्हणून कुणी विचारलं नाही. वडील गेल्यावर एलेनी स्वतः दोन्ही नावं देत आली होती.

“या वर्षीही दिलं,” ती म्हणाली.

हे मी बाबांना सांगितलं.

“दरवर्साक?” त्यांनी दोनदा विचारलं.

“दरवर्षी, बाबा.”

त्यांनी नमस्काराला हात उचलला. उजवा उठेना. एलेनी पुढे झाली, तो उचलून तिने डाव्याला टेकवला आणि तसाच धरून ठेवला.