चार वाजताची पालकसभा

डोंबिवलीच्या देवळात गुरुवारचं कीर्तन असलं की डॉक्टर सुधीर टिपणीस खांबाला टेकून बसत आणि शेजारी एका माणसाची जागा सोडत. ती त्यांच्या पत्नीची, कलावतीबाईंची. बाई जाऊन तीन वर्षं झाली, पण देवाच्या दारी जागा धरायची सवय काही सुटत नव्हती.

टिपणीस औषधं देणारे डॉक्टर नव्हेत, मनाचे. शाळा कशा सुधाराव्यात यावर त्यांनी पुस्तक लिहिलं होतं, बाळकुमजवळच्या कोळीवाड्यातल्या शाळेत सत्याऐंशी साली केलेल्या कामावर बेतलेलं. शिक्षक होऊ घातलेली पोरं ते पाठ करत. आता सात वर्षांनी दुसरी आवृत्ती निघायची होती. मुद्रितं सोमवारी छापखान्यात द्यायची. सगळं तपासून झालं होतं, एक सातवं प्रकरण तेवढं टोचत होतं, ‘पालकांची अनास्था’. रविवारी सकाळी दहाला सभा बोलावली, चाळीस खुर्च्या मांडल्या, एक आई फिरकली नाही. बारा वाजता खुर्च्या उचलल्या. त्या रागावर सगळं प्रकरण उभं.

त्या गुरुवारी पूर्वरंग ऐन रंगात असताना बुवा सहज बोलून गेले, “श्रोता आला नाही म्हणून कीर्तनकारानं रुसू नये. तो बिचारा घरून निघालेला असतो, वाटेत असतो. तुम्हीच वीणा लवकर खाली ठेवता.”

मंडळी हसली. डॉक्टरांची टाळी मात्र हातातच राहिली.

रविवारी दुपारी मुद्रितं पिशवीत घालून ते बाळकुमला गेले. शाळा बंद. पायरीवर भागीरथी कोळीण सुकट निवडत बसली होती. तिची मुलगी शेवंती त्या सभेच्या वर्षी ह्याच शाळेत चौथीत होती.

“तुमी ते डॉक्टर ना? गुडघा दाखवायला आलेले मी, तर इचारलंत, पोर झोपेत दचकते का.”

“मग गुडघा कसा आहे?”

“दुखतोय अजून. पोर नाय दचकत.”

डॉक्टर हसले, तिच्याखालच्या पायरीवर टेकले. पिशवी बाजूला ठेवून म्हणाले, “भागीरथीबाई, त्या सभेला तुम्ही कुणीच का आला नाहीत?”

तिचा हात थांबला.

“कोन बोललं नाय आलो? अवस होती. सकाळचं पानी उतरलेलं, आमी चिखलात कालवं काढीत होतो. दहाला कोन येनार? माल बाजारात विकला, आंघोळी केल्या, ठेवनीतली लुगडी नेसलो नि चारला आलो. सतरा बाया. शाळेला टाळं.”

“मग?”

“मग काय? बोललो, डॉक्टर जेवायला गेले असतील, येतील. ह्याच पायरीवर बसलो. दिवे लागले तवा उठलो.”

“मला कुणी सांगितलं का नाही?”

“तुमी परत आलात कुठं? पुढं मास्तरच बोलले, तुमाला शाळेची पडली नाय असं पुस्तकात छापलंय. त्यानंतर कुनी बोलावलंच नाय. शेवंतीला मीच काढली शाळंतनं. मी बोलले, आपलं तिथं काय काम.”

पंचांग भिंतीवर टांगलेलं असूनही सभेची तारीख ठरवताना डॉक्टरांनी रविवार तेवढा पाहिला होता, तिथी नाही. खाडीकाठच्या माणसांचं घड्याळ पाण्यावर चालतं, हे त्यांच्या पुस्तकात कुठंच नव्हतं.

त्यांनी पिशवीतून सातवं प्रकरण काढलं, पालथं करून मांडीवर ठेवलं. “नावं सांगता?”

“मनुबाई. ती गेली परवाच्या शिमग्याला. हौसाबाई, ती लेकीकडं शीळफाट्याला असते. रखमाबाई, तिला आता दिसत नाय…”

सतरा नावं झाली. पाच गेलेल्या. मुलं सगळ्यांचीच मोठी झालेली, कुणाचंच शाळेत काम उरलेलं नव्हतं. भागीरथीनं सूप टोपलीत ठेवलं, टोपली कमरेवर घेतली.

“जाते मी. तुमची घरी वाट बघत असतील ना?”

“नाही.”

तिनं कमरेवरची टोपली सावरली. “मंग बसा,” एवढंच म्हणाली आणि आळीत वळली.

डॉक्टरांनी सातव्या प्रकरणाच्या मथळ्यावर काट मारली. वर लिहिलं, ‘दुपारी चार’. हातातल्या घड्याळात चारच वाजत होते. आता कुणी येणार नव्हतं, हे त्यांना ठाऊक होतं. तरी शेजारी जागा सोडून ते पायरीवर बसून राहिले, कोळीवाड्यात दिवे लागेपर्यंत.