बयाबाईंची शाल

बाबासोंनी तीस वर्षं साखर कारखान्याच्या हिशेबखात्यात काढली आणि कधी पाच पैशांचा घोळ केला नाही. त्यामुळे किल्लारीला भूकंप झाला तेव्हा कोल्हापुरातल्या त्यांच्या गल्लीच्या मदत समितीचं खजिनदारपदही त्यांच्याच गळ्यात पडलं. कट्ट्यावर म्हैस पिळून धारोष्ण दूध विकणाऱ्या बयाबाईंनी एका दिवसाच्या धंद्याचे एकशे एक रुपये आणून दिले.

"भाऊ, तुमच्या हातात देतो बघा. तिथं पोचलं पायजे."

"पोचतंय की, बयाक्का," बाबासोंनी शब्द दिला.

जमले नऊ हजार चारशे बारा. आता देणाऱ्याला मोकळ्या हाताने घरी धाडणं कोल्हापूरला शोभत नाही, असं अध्यक्ष हंबीररावांचं मत पडलं. मग सत्तर देणगीदारांचा जाहीर सत्कार झाला. शाल, नारळ, मांडव, स्पीकर, फोटो, चहा, वर भडंग. प्रत्येक बिलावर बाबासोंची सही. खर्च नऊ हजार शंभर, शिल्लक तीनशे बारा. कुणी एक पैसा खाल्ला नाही, हे मात्र सांगितलंच पाहिजे. चार आण्याची कोंबडी अन् बारा आण्याचा मसाला, पण मसाल्याची पावती अगदी पक्की.

दुसऱ्या दिवशी बयाबाई दारात.

"पोचलं काय वो आमचं पैसं?"

बाबासोंना खोटं बोलता येत नव्हतं. त्यांनी वही उघडून हिशेब वाचून दाखवला. 'शाली सत्तर, दर ऐंशी रुपये' इथे आवाज खाली गेला. बयाबाई सगळं ऐकून निघून गेल्या. थोड्या वेळाने त्या परत आल्या. घडी घातलेली शाल त्यांनी वहीवर ठेवली आणि तिच्यावर आठ रुपये.

"नारळाची चटणी झाली. त्याचं हे पैसं."

बाबासोंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. तेवढ्यात हंबीरराव आले, त्यांना सगळं समजलं आणि त्यांचा ऊर भरून आला.

"बाईनं दोनदा दान दिलं की! ऐतवारी परत सत्कार घ्या त्यांचा."

बाबासो उठले. बयाबाईंची शाल, सत्कारात मिळालेली स्वतःची शाल आणि तीनशे वीस रुपये त्यांनी पिशवीत घातले आणि थेट एसटी स्टँड गाठून लातूरची गाडी विचारली. तिकिटाचे पैसे त्यांनी आपल्या खिशातून दिले, आणि तीस वर्षांत पहिल्यांदाच एक खर्च कुठेही लिहून ठेवला नाही.